कालवाचा घोट आणि खाडीचं पाणी

जाड बुडाचा छोटा ग्लास. त्यात शिंपल्यातून नुकतंच सोडवलेलं एक कच्चं कालव. त्यावर ३० मिलिलिटर कडक दारू, तेवढाच टोमॅटोचा रस, अर्धं लिंबू, तिखट सॉसचे दोन-चार थेंब आणि मिरपूड. जेवणाआधी भूक चाळवायला म्हणून हा ग्लास एका घोटात रिकामा करायचा. अमेरिकेत याला ऑयस्टर शूटर म्हणतात. १८६०च्या सुमारास सॅन फ्रान्सिस्कोत एका खाणकामगाराने व्हिस्कीच्या ग्लासात कालवं टाकून वर टोमॅटोचा सॉस ओतला आणि तिथून हा प्रकार सुरू झाला, अशी त्याची जन्मकथा सांगतात. कथा खरी असो वा नसो, काळ मात्र जुळतो. त्या दिवसांत अमेरिकेच्या बंदरांत कालव हे हमालापासून पेढीवाल्यापर्यंत सगळ्यांना परवडणारं खाणं होतं.

कृती सोपी आहे आणि शोधली की लगेच सापडते. पण तिच्यातला सगळ्यात मोठा घटक कुणी लिहीत नाही. तो म्हणजे ते कालव ज्या पाण्यात वाढलं ते पाणी. हा घटक नीट समजून घ्यायचा असेल तर मुंबईच्या उपनगरांत देवनारला जावं.

हार्बर मार्गावर गोवंडीला उतरलं की देवनार सुरू होतं. टाटा सामाजिक विज्ञान संस्था इथे आहे, लोकसंख्येचा अभ्यास करणारी आंतरराष्ट्रीय संस्था इथे आहे, १९७१ पासून चालू असलेला महापालिकेचा कत्तलखाना इथे आहे. आणि १९२७ पासून ज्याच्यावर शहराने आपला कचरा आणून ओतला ते डम्पिंग ग्राउंडही इथेच. जानेवारी २०१६ मध्ये त्याला आग लागली तेव्हा धुराने आसपासच्या शाळा बंद ठेवाव्या लागल्या होत्या. बहुतेक मुंबईकरांना देवनार माहीत आहे ते एवढंच. पण त्या कचऱ्याच्या डोंगरामागे कांदळवन आहे, कांदळवनामागे ओहोटीला उघडी पडणारी चिखलाची सपाटी, आणि तिच्यापुढे ठाण्याची खाडी. जवळच मानखुर्द, ट्रॉम्बे, माहुल. ट्रॉम्बे आणि माहुलचे कोळीवाडे या पाण्यावर आजही जगतात. थंडीपासून पावसाच्या तोंडापर्यंत याच चिखलात रोहित पक्ष्यांचे थवे चरत असतात. खाडीचा पश्चिम काठ २०१५ मध्ये फ्लेमिंगो अभयारण्य झाला आणि २०२२ मध्ये तो रामसर पाणथळ म्हणून जाहीर झाला.

ही खाडी सुमारे २६ किलोमीटर लांब आहे. दक्षिणेला ती मुंबई बंदराकडे रुंद उघडते आणि उत्तरेला ठाण्याकडे चिंचोळी होत जाते. त्यामुळे भरतीबरोबर वर गेलेलं पाणी एका ओहोटीत सगळं बाहेर पडत नाही, काही काळ आतल्या आत हेलकावत राहतं. मुंबईचं सांडपाणी ज्या सात विभागांत गोळा होतं त्यांपैकी भांडुप आणि घाटकोपर हे दोन विभाग याच खाडीत सोडले आहेत. पूर्वेच्या काठावर १९६० च्या दशकापासून ठाणे-बेलापूर पट्ट्यातले कारखाने उभे आहेत. पश्चिमेला देवनारचा कचरा, आणि पावसाळ्यात त्यातून झिरपणारं काळं पाणी.

आता या पाण्यात कालव काय करतं ते पाहू. कालव एकदा खडकाला, धक्क्याच्या खांबाला किंवा कांदळाच्या मुळाला चिकटलं की जन्मभर तिथून हलत नाही. अन्नाच्या मागे त्याला जाता येत नाही, म्हणून ते अन्नालाच आत ओढून घेतं. त्याच्या कल्ल्यांवर डोळ्यांना न दिसणारे तंतू सतत हलत असतात. ते पाण्याचा प्रवाह आत खेचतात, चिकट स्रावात कण अडकवतात आणि तोंडाकडे सरकवतात. पूर्ण वाढलेलं मोठं कालव अनुकूल परिस्थितीत तासाला पाच लिटरपर्यंत पाणी गाळू शकतं. त्यात त्याला हवी असते सूक्ष्म वनस्पती, पण कण निवडताना रोगजंतू आणि विषाणू त्याला ओळखता येत नाहीत. जे पाण्यात विरळ असतं ते कालवाच्या अंगात दाट होतं. पाण्यातलं जस्त, तांबं, कॅडमियम तर त्याच्या मांसात वर्षानुवर्षं साठत जातं. १९७५ मध्ये एडवर्ड गोल्डबर्ग या अमेरिकी शास्त्रज्ञाने सुचवलं, की समुद्राचं प्रदूषण मोजायला पाण्याच्या बाटल्या भरत बसण्यापेक्षा किनाऱ्यावरचे शिंपले तपासा. त्या सूचनेतून अमेरिकेत ‘मसल वॉच’ ही पाहणी उभी राहिली आणि तिच्यात कालवंही घेतली गेली.

मासा खाताना आपण त्याचं पोट साफ करतो, खवले काढतो, धुतो. कच्चं कालव खाताना मात्र त्याची आतडी, त्यातलं अन्न आणि शिंपल्यातलं पाणी असं सगळंच एकदम गिळतो. ग्लासातल्या कालवासकट आपण खाडीचा एक घोट पितो, असं म्हणणं ही अतिशयोक्ती नाही.

“पण दारू आहे ना, ती मारेल जंतू,” हे उत्तर कुठल्याही मेजवानीत ऐकू येतं. म्हणून दारूचा हिशेब मांडूच. काजूची फेणी घेतली तर तिच्यात सुमारे ४२.८ टक्के अल्कोहोल असतं. ३० मिलिलिटर फेणीत ते झालं जेमतेम १३ मिलिलिटर. त्यात टोमॅटोचा रस, लिंबू आणि कालव स्वतः आपल्या पाण्यासह मिसळलं की एकूण ८५ मिलिलिटरच्या आसपास होतं. म्हणजे ग्लासात अल्कोहोल उरलं साधारण १५ टक्के, वाइनच्या थोडंसं वर. हात निर्जंतुक करायच्या द्रावणात ते ६० टक्क्यांच्या वर ठेवावं लागतं आणि तिथेही काही सेकंद चोळावं लागतं. इथे कालव ग्लासात राहतं अर्धा मिनिट, आणि जंतू बसलेले असतात त्याच्या आतड्यात आणि मांसात, जिथे दारू पोहोचतच नाही. लिंबाचं आणि तिखटाचं तेच.

दारूच्या बाजूने एक पुरावा आहे, तोही सांगायला हवा. १९८८ मध्ये फ्लोरिडाच्या किनाऱ्यावरची कच्ची कालवं खाऊन अमेरिकेच्या पाच राज्यांत ६१ जणांना अ प्रकारची कावीळ झाली. तपास करणाऱ्यांना असं दिसलं, की कालवांबरोबर १० टक्क्यांहून अधिक अल्कोहोल असलेलं पेय घेतलेल्यांत लागण बरीच कमी होती. बिअर पिणाऱ्यांना तसा फायदा दिसला नाही. हा निष्कर्ष १९९२ मध्ये प्रसिद्ध झाला आणि आजवर अनेक बारमध्ये अर्धामुर्धा सांगितला जातो. पण तो एका साथीतला, एका विषाणूपुरता आणि थोड्या माणसांवरचा आहे. त्याच्या भरवशावर ग्लास उचलणं मला साफ चूक वाटतं. कारण कालवातला सगळ्यात भयंकर जंतू दुसराच आहे. व्हिब्रिओ व्हल्निफिकस त्याचं नाव. त्याची लागण झालेल्या दर पाच जणांतला एक दगावतो, कधी कधी आजारी पडल्यापासून एक-दोन दिवसांत. आणि हा जंतू सगळ्यात जास्त कुणाला गाठतो? ज्यांचं यकृत आधीच खराब आहे त्यांना. वर्षानुवर्षं दारू पिऊन यकृत गमावलेला माणूस दारू जंतू मारते म्हणून निर्धास्त होऊन कच्चं कालव गिळतो, तेव्हा तोच सगळ्यात मोठ्या धोक्यात असतो.

व्हिब्रिओ कुळातले हे जंतू सांडपाण्यातून येत नाहीत. ते समुद्राचेच रहिवासी. गरम आणि मध्यम खाऱ्या पाण्यात त्यांची चंगळ असते. त्यांचाच भाऊबंद व्हिब्रिओ पॅराहिमोलिटिकस हा जपानमध्ये १९५० मध्ये एका विषबाधेच्या साथीत फुजिनो या शास्त्रज्ञाने शोधला. त्याचा जगभर पसरलेला एक प्रकार पहिल्यांदा ओळखला गेला तो १९९६ मध्ये आपल्या कोलकात्यात. युरोपात जुना नियम आहे, की ज्या महिन्याच्या इंग्रजी नावात ‘आर’ नाही त्या महिन्यात कालव खाऊ नये. मे ते ऑगस्ट हे ते महिने. तिथे हा नियम चालतो, कारण बाकीच्या महिन्यांत तिथलं पाणी गार असतं आणि व्हिब्रिओ झोपून असतो. मुंबईच्या समुद्राला तशी थंडी नाहीच. डिसेंबर-जानेवारीतही पाणी २० अंशांच्या वर असतं. म्हणजे व्हिब्रिओच्या दृष्टीने मुंबईत बाराही महिने मे ते ऑगस्टच. परदेशी पुस्तकातली कृती इथे उचलताना हा फरक कुणी लक्षात घेत नाही.

सांडपाणी आणि कालव यांचं भांडण जगाला कळलं ते एका मेजवानीत. नोव्हेंबर १९०२. इंग्लंडमधल्या विंचेस्टर आणि साउदॅम्प्टन या दोन शहरांच्या महापौरांनी एकाच दिवशी मेजवान्या दिल्या आणि दोन्हीकडे एम्सवर्थ या गावची कालवं वाढली. पाहुण्यांत विषमज्वराची साथ आली. विंचेस्टरच्या कॅथीड्रलचे डीन स्टीफन्स त्यात गेले. तपासात निघालं, की एम्सवर्थच्या कालवांच्या वाफ्यांवर गावाचंच गटार सोडलेलं होतं. गावाचा कालवांचा धंदा बसला. पण फॉस्टर नावाचा तिथला व्यापारी गप्प बसला नाही. त्याने स्थानिक परिषदेवरच दावा लावला: माझ्या वाफ्यांवर गटार तुम्ही सोडलंत, नुकसान तुम्ही भरून द्या. १९०६ मध्ये न्यायालयाने त्याच्या बाजूने निकाल दिला. हा खटला कायद्याच्या पुस्तकांत आजही शिकवला जातो.

मला ही गोष्ट फार मोलाची वाटते, कारण कालव दूषित झालं की लोक कालवाला आणि ते विकणाऱ्या बाईला बोल लावतात. गटार कुणाचं होतं हे विचारायला एक फॉस्टर लागतो. आपल्याच बंदराच्या पलीकडच्या काठावर असा लढा झाला आहे. उरण परिसरातले मच्छीमार रामदास कोळी आणि त्यांचे साथीदार राष्ट्रीय हरित लवादापुढे गेले. भरावामुळे भरतीचं पाणी अडलं, कांदळवन गेलं, मासेमारी बुडाली, ही त्यांची तक्रार होती. २०१५ मध्ये लवादाच्या पुणे खंडपीठाने १,६३० कुटुंबांना ९५ कोटी रुपयांहून अधिक भरपाई देण्याचा आदेश दिला. ठाण्याच्या खाडीच्या पश्चिम काठावरच्या कोळ्यांनी गमावलेल्या कालवं, तिसऱ्या, खेकडे, कोळंबी यांचा हिशेब अजून कुणी असा मांडलेला नाही. तो मांडायला हवा.

अमेरिकेतही १९२४-२५ च्या हिवाळ्यात कालवांतून विषमज्वर पसरून सुमारे १५० माणसं मेली. त्यानंतर तिथे कालवांच्या पाण्याला दर्जा देण्याची पद्धत आली. आज तिथे कच्ची खायची कालवं ज्या पाण्यात वाढतात, त्याच्या १०० मिलिलिटरमध्ये विष्ठेतल्या कोलिफॉर्म जंतूंचा मध्यांक १४ च्या वर चालत नाही. आपल्या केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाची समुद्रात आंघोळ करण्यासाठीची मर्यादा आहे १००. म्हणजे जे पाणी डुंबायला चालतं तेही कच्च्या कालवाला चालत नाही, आणि देवनारचं पाणी डुंबायच्याही लायकीचं नाही. अमेरिकेत कालवांच्या पोत्याला चिठ्ठी असते: कुठल्या पाण्यातली, कुठल्या तारखेला काढलेली. हॉटेलवाल्याला ती ९० दिवस जपून ठेवावी लागते. आपल्या मासळीबाजारात टोपलीवर अशी चिठ्ठी नसते. कोळीण विश्वासाने सांगते ते खरं मानायचं. ती वसईचं म्हणाली की वसईचं.

कालवं धुऊन काढायची म्हणून एक पद्धत आहे. जिवंत कालवं जंतुविरहित वाहत्या खाऱ्या पाण्याच्या टाकीत ठेवतात. ब्रिटनमध्ये निदान ४२ तास. ती स्वतःच पाणी गाळत राहतात आणि आतड्यातली घाण बाहेर टाकतात. आतड्यातले साधे जीवाणू अशाने बरेचसे जातात, विषाणू चिवटपणे राहतात, व्हिब्रिओही पूर्ण जात नाही. कॅडमियम आणि शिसं तर दोन दिवसांत काय, दोन आठवड्यांतही जात नाही. म्हणून देवनारच्या खाडीतलं कालव टाकीत ठेवून खाण्याजोगं होईल ही आशाही सोडावी. कच्चं तर नकोच, शिजवूनही नको: जंतू आचेने मरतात, धातू नाही.

मग चांगलं कालव कुठलं? महाराष्ट्राच्या किनाऱ्यावर मुख्यतः दोन प्रकार दिसतात. खडपांवर दाटीने चिकटलेलं लहान, धारदार कडांचं. वांद्र्याच्या किनाऱ्यावर ओहोटीला बायका टोकदार लोखंडी हत्याराने ते जागच्या जागी फोडून नुसतं मांस डब्यात गोळा करताना दिसतात. दुसरं खाडीतलं मोठं, लांबट. याचं शास्त्रीय नाव क्रासोस्ट्रिया ग्रायफॉइडिस. पालघरकडच्या केळव्याच्या खाडीतल्या या कालवांचा १९६० च्या आसपास दुर्वे आणि बाळ या दोघा प्राणिशास्त्रज्ञांनी मन लावून अभ्यास केला. पिल्लांची वाढ कशी होते, मांसात काय काय असतं, हे सारं त्यांनी तपासलं होतं. कालवांच्या शेतीचं तंत्र मात्र केंद्रीय सागरी मत्स्य संशोधन संस्थेने १९७० च्या दशकात तमिळनाडूतल्या तुतिकोरिनला बसवलं आणि पुढे ते केरळच्या खाड्यांत रुजलं. महाराष्ट्रात राज्याच्या कांदळवन कक्षाने सिंधुदुर्गातल्या खाड्यांत बचतगटांच्या बायकांना घेऊन ही शेती सुरू केली. २०१७ पासून तिच्यासाठी सरकारी योजनाही आहे. जुने शिंपले दोरीत ओवून बांबूच्या मांडवाला पाण्यात लोंबकळत सोडतात. पाण्यात तरंगणारी पिल्लं त्यावर बसतात आणि तिथेच वाढतात. खत नाही, खाद्य नाही. लागतं ते फक्त स्वच्छ पाणी. म्हणून कालवांची शेती करणाऱ्या गावाला खाडी स्वच्छ ठेवण्यात रोकडा फायदा असतो.

आता ग्लासाकडे. कच्चा घोट घ्यायचाच असेल तर कालव दर्जा दिलेल्या पाण्यातलं, टाकीतून काढलेलं, तारखेची चिठ्ठी असलेलं आणि जिवंत हवं. यकृताचा आजार, मधुमेह, गरोदरपण यांपैकी काही असेल तर मुळीच नको. मी मात्र आपल्या हवेत शिजवलेल्या कालवाचाच घोट सुचवीन. तो चवीला उणा नाही, हे करून बघितल्याशिवाय पटणार नाही.

सिंधुदुर्गाकडची मोठी, जिवंत कालवं घ्या. जिवंत कालवाचे शिंपले घट्ट मिटलेले असतात. उघडं दिसलं तर टिचकी मारा. मिटलं नाही तर फेकून द्या. घरी आणल्यावर गोड्या पाण्यात बुडवून ठेवू नका, त्यात ती मरतात. ओल्या फडक्याखाली, खोलगट बाजू खाली करून फ्रिजमध्ये ठेवा. करायच्या वेळी ब्रशने शिंपले घासून घ्या, उकळत्या पाण्यात सोडा आणि तोंड उघडल्यावर पुढे पाच मिनिटं उकळू द्या. जी उघडली नाहीत ती टाकून द्या. मग एकेक कालव हातात घ्यायचं. वरचं सपाट झाकण अलगद सुटतं. आत राखाडी-पांढरं मांस, कडेला काळसर झालर, आणि मध्याच्या जवळ शिंपल्याला धरून बसलेला स्नायूचा एक घट्ट गोल ठिपका. आखूड, बोथट टोकाची सुरी त्या ठिपक्याखालून फिरवली की कालव सुटतं. ते लगेच बर्फावर ठेवा. उकळल्यामुळे ते थोडं आकसलेलं असतं, पण गार झालं की दाताखाली छान कुरकुरतं आणि समुद्राची चव तशीच राहते.

टोमॅटोऐवजी कोकमाचं आगळ घ्या. कोकणातल्या कालवाला कोकणातलंच आंबट शोभतं. एका ग्लासाला दोन चमचे आगळ, तेवढंच गार पाणी, ठेचलेल्या हिरव्या मिरचीचा चिमूटभर तुकडा, दोन कोथिंबिरीची पानं आणि २० मिलिलिटर काजूची फेणी. फेणी गोव्याची, २००९ मध्ये तिला भौगोलिक मानांकन मिळालं आहे. तिचा उग्र वास आगळाच्या आंबटपणाने दबतो आणि मागे काजूबोंडाचा गोडवा उरतो. महाराष्ट्रात कडक दारू प्यायला वय २५ पूर्ण हवं आणि परवानाही हवा. दारू नको असेल त्याच्या ग्लासात आगळाबरोबर थोडा नारळाचा घट्ट रस घाला, म्हणजे सोलकढीचा घोट होतो आणि कालव त्यातही रमतं.

आगळात मीठ असतंच, वरून घालू नका. ग्लास आधी फ्रिजमध्ये गार करा, कालव शेवटी सोडा आणि लगेच द्या. फेणीत भिजत राहिलं तर ते चामड्यासारखं होतं. कालवं उकळलेलं पाणी दाट फडक्यातून गाळून घ्या, तळाशी वाळू बसते. त्यात ओलं खोबरं, लसूण आणि आगरी-कोळी मसाला घालून उरलेल्या कालवांची आमटी करा. भात तोवर शिजलेला असू द्या.